राखून ठेवलेलं पुस्तक

१

कपाटाला कुलूप होतं आणि आत एकही पुस्तक नव्हतं.

हे आधी दिसलं ते शिवणवाल्या बाईंना. गेले काही दिवस त्या रोज वाचनालयात यायच्या, एकच पुस्तक मागायच्या आणि हात हलवत परत जायच्या. त्या सोमवारी आल्या, काचेला नाक लावून उभ्या राहिल्या आणि माझ्या बहिणीला म्हणाल्या, "बाई, यातली पुस्तकं कुठे नेलीत?"

माझी धाकटी बहीण तिथली ग्रंथपाल. लग्न केलं नाही, आमच्याकडेच राहते. ती म्हणे टेबलामागून उठलीसुद्धा नाही, नुसती बघत राहिली.

हे कपाट म्हणजे आमच्या वाचनालयाचं नाक. दारातून शिरलं की समोरच. हातभर रुंद, तीन फळ्यांचं, वर पाटी: 'लोकशाही आणि नागरिकांचे हक्क'. काचेतून पुस्तकांचे तपकिरी कापडी कणे दिसायचे, त्यांवर सोनेरी अक्षरं. येणारा प्रत्येक पाहुणा त्याच्यापुढे उभा राहून फोटो काढून घ्यायचा. या विभागासाठी सरकारकडून अनुदान यायचं. पंखे, वर्तमानपत्रं आणि धाकटीचा पगार, सगळं त्या अनुदानावर चालायचं.

किल्ली एकच, आणि ती धाकटीच्या खणात असायची. त्यामुळे चोर कोण हे ठरवायला गावाला दुपारसुद्धा लागली नाही.

वाचनालयाचे अध्यक्ष आपल्या सिमेंटच्या दुकानातून तसेच आले, बाह्यांवर पांढरी भुकटी घेऊन. "पोलिस नकोत," ते म्हणाले. "वाचनालयाची अब्रू जाईल. रविवारी सभा घेऊ. सभासद ठरवतील ते खरं."

आमच्या सभेचं सांगायला हवं. अध्यक्ष ठराव वाचतात, मान वर करून "मंजूर?" म्हणतात आणि त्याच क्षणी चहाचे ट्रे आत येतात. लोक कपाकडे हात करतात. तेवढ्यात ठराव मंजूर झालेला असतो. अध्यक्ष इतकी वर्षं बिनविरोध निवडून आले ते असेच.

संध्याकाळी धाकटी घरी आली आणि चपला न काढताच बसली. "ताई, मला काढणार. चोरीचा ठपका ठेवून काढलं की पेन्शन नाही." तिच्या निवृत्तीला फार दिवस राहिले नव्हते. या वयात तिला दुसरीकडे कोण ठेवून घेणार होतं?

माझं डोकं आधीच तापलेलं होतं. शिलाई मशीनच्या तेलाची कुपी जागेवर नव्हती. वाचनालयाचे पडदे धुवायला म्हणून धाकटीने शनिवारी आणलेलं गाठोडं तिच्या खाटेखाली तसंच पडलं होतं. वस्तू जागेवर नसली की मला घास गोड लागत नाही. त्यात हे.

माझे यजमान वजनमापे निरीक्षक होते. आता निवृत्त आहेत, पण सगळे अजून मापकाका म्हणतात, म्हणून मीही इथे तसंच लिहिते. जन्मभर दुकानदारांची वजनं उलटी करून तळ बघितले, आता घरातली पातेली उलटी करून बघतात. ते जेवता जेवता थांबले आणि म्हणाले, "उद्या ते कपाट मला बघू दे."

धाकटीने मान खाली घातली. मला वाटलं, हायसं वाटलं असेल.

२

मंगळवारी मीही मागोमाग गेले. नवऱ्याला एकट्याला कुठे पाठवलं की तो कुणाशी तरी भांडून येतो, हा माझा अनुभव.

मापकाकांनी आधी खिडकीचा पडदा सरकवला, उजेड आत घेतला. मग कपाट उघडलं. कुलूप गंजलेलं होतं, पण किल्ली लोण्यात सुरी फिरावी तशी फिरली. त्यांनी कुलूप नाकाशी धरलं, मग माझ्याही नाकाशी धरलं.

"काय वास येतोय?"

"तेलाचा," मी म्हटलं.

मग मधल्या फळीवर त्यांनी बोट फिरवलं. धूळ होती, चांगली जाड, मागच्या भिंतीपर्यंत सारखी पसरलेली. फक्त फळीच्या पुढच्या कडेला एक अरुंद पट्टी स्वच्छ होती. त्या पट्टीवर काहीतरी पिवळट, पापुद्र्यासारखं चिकटलं होतं. ते त्यांनी नखाने खरवडून रुमालात बांधलं.

"परवापर्यंत इथे पुस्तकं होती," त्यांनी मला विचारलं, "तू पाहिलीस?"

"मी काय, सगळ्यांनी पाहिली. शनिवारी वर्तमानपत्र वाचताना माझ्या समोरच तर होती."

"पुस्तक उचललं की त्याच्याखाली धूळ नसते. पुस्तकाएवढा चौकोन स्वच्छ राहतो. इथे एकही चौकोन नाही." त्यांनी काच लावली. "पुस्तकं जाऊन कित्येक वर्षं झाली आहेत."

"मग शनिवारी मी काय पाहिलं?"

"तेच शोधायचंय," म्हणाले आणि छत्री उचलून चालू लागले.

३

ती पुस्तकं प्राध्यापकांनी दिलेली. राज्यशास्त्र शिकवून निवृत्त झालेले, आवाज अजून वर्गातला. दरवर्षी त्या कपाटापुढे उभे राहून ते लोकशाहीवर भाषण करतात आणि लोकांच्या उदासीनतेबद्दल बोलायला लागले की त्यांचा गळा भरून येतो. तेव्हा आम्ही घड्याळाकडे बघतो.

"माझी पोरं गेली हो," ते मापकाकांना म्हणाले. "एकेक निवडून जमवली होती. वरच्या फळीवर डावीकडून पहिलं निवडणुकांवरचं. दुसरं प्रतिनिधींच्या जबाबदारीवरचं. तिसरं 'सरकारपुढे नागरिकाचं म्हणणं'. डोळे मिटून सांगतो."

"क्रम कधी बदलला नाही?"

"कधीच नाही. किती शिस्त आहे बघा तुमच्या मेहुणीला."

मापकाका माझ्याकडे बघून किंचित हसले. वाचनालयातल्या पुस्तकांचा क्रम बदलत नाही, म्हणजे ती कुणी नेत नाही आणि आणत नाही, एवढं मलाही कळलं.

"तुम्ही शेवटचं कधी काढून बघितलं?"

"मी कशाला काढू? मला पाठ आहेत." मग त्यांना आठवलं. "एकदा मागितलं होतं एक, भाषणासाठी. बाई म्हणाल्या, कुणीतरी राखून ठेवलंय. तुम्हाला सांगतो, मला इतकं बरं वाटलं. म्हटलं, कुणीतरी वाचतंय."

"कुणी राखून ठेवलं होतं?"

"ते मी विचारलं नाही," प्राध्यापक म्हणाले.

बाहेर आल्यावर मी म्हटलं, शिवणवाल्या बाईंनाही धाकटी तेच सांगते. राखून ठेवलंय. मापकाकांनी रस्त्यात छत्री टेकली. "गावात ज्याने ती राखून ठेवली असा एक तरी माणूस मला दाखव," ते म्हणाले.

४

वाचनालयाची पुस्तकं बांधून देणारा बाइंडर बाजारामागच्या बोळात बसतो. हाताला कायम खळ लागलेली. मापकाकांनी रुमाल सोडून तो पिवळा पापुद्रा त्याच्यापुढे ठेवला. त्याने तो बघितला आणि पुन्हा दोरा ओवायला घेतला.

"खळ तुझीच ना?"

"खळ सगळ्यांची सारखीच असते, मापकाका."

"मी नोकरीत असताना एक दुकानदार होता," मापकाका स्टुलावर बसत म्हणाले. "त्याचं माप बाहेरून अगदी बरोबर. आत मात्र तळाच्या वर दुसरा पत्रा ठोकलेला. गिऱ्हाईक वरून बघायचं, माप काठोकाठ भरलेलं दिसायचं. पुस्तकाचा कणा नुसता काढून फळकुटावर चिकटवता येतो का रे?"

दोरा सुईतून निसटला.

"मी पुस्तकं फाडली नाहीत," बाइंडर हळूच म्हणाला. "ती आधीच मेली होती. छप्पर गळलं होतं त्या कपाटावर. बाई तेव्हा आजारी, सुटीवर. दार उघडलं तर आत सगळा लगदा. पानांत पान राहिलं नव्हतं, फक्त कापडी कणे धड होते. अध्यक्ष म्हणाले, तेवढे वाचव. मी तीन फळकुटांवर ओळीने चिकटवले, कपाटात उभे केले. नवी पुस्तकं येईपर्यंत, असं ठरलं होतं."

"मग नवी का नाही आली?"

"कुणी मागितलीच नाहीत," बाइंडर म्हणाला.

इतकी वर्षं मी रोज त्या कपाटासमोर बसून वर्तमानपत्र वाचत होते, सरकार हे करत नाही, ते करत नाही म्हणून चरफडत होते. आणि समोर नुसते कणे उभे होते.

"शनिवारी फळकुटं कुणी काढली?" मापकाकांनी विचारलं.

"मी कशाला काढू? इतकं चांगलं काम झालं होतं," बाइंडर म्हणाला, आणि ते त्याला मनापासून वाटत होतं.

५

अध्यक्ष दुकानात पोत्यांवर बसले होते. त्यांनी आम्हाला खुर्च्या दिल्या आणि मापकाकांचं सगळं ऐकून घेतलं. नाकारलं काहीच नाही, त्यामुळे भांडताही येईना.

"बरोबर आहे," ते म्हणाले. "मीच करून घेतलं. छप्पर दुरुस्त करायचं की पुस्तकं घ्यायची? मी छप्पर केलं. विभाग गेला असं कळवलं असतं तर अनुदान थांबलं असतं. मग तुम्ही सकाळी पेपर कुठे वाचला असता? वहिनी, तुमच्या बहिणीचा पगार कुठून आला असता?"



"आणि आता तिच्यावरच चोरीचा आळ घेताय," मापकाका म्हणाले.

"फळकुटं गेली, काका. पुढच्या आठवड्यात सरकारी पाहणी आहे. मीच ती काढली असती, तर पाहणीच्या तोंडावर काढली असती का? ज्याच्याकडे असतील त्याने आणून द्यावीत. मला कुणाशी वैर नाही. नाही दिली, तर किल्ली जिच्याकडे ती जबाबदार. सभेला दुसरं काय सांगू?"

परत येताना मी म्हटलं, हा खोटं बोलतोय.

"नाही," ते म्हणाले. "फळकुटं राहण्यात ज्यांचा फायदा, त्यांनी ती काढली नाहीत. अध्यक्षांचा फायदा, बाइंडरला आपल्या कामाचा अभिमान, प्राध्यापकांना तर पत्ताच नाही. फळकुटं दिसेनाशी व्हावीत असं कुणाला वाटेल? जिला रोज त्यांच्यासमोर बसून खोटं बोलावं लागतं, तिला." घराचं फाटक उघडता उघडता ते म्हणाले, "तुझ्या मशीनच्या तेलाची कुपी सापडली का गं?"

मी फाटकातच उभी राहिले.

६

धाकटी स्वयंपाकघरात भाजी निवडत होती. मापकाका तिच्यासमोर पाट घेऊन बसले. आवाज अजिबात चढवला नाही.

"चोर घाईत असतो. तो कुलूप परत लावत नाही, किल्ली खणात नेऊन ठेवत नाही. ते हाताला सवय असलेला माणूस करतो. ते कुलूप वर्षानुवर्षं उघडलं नव्हतं, शिलाई मशीनचं तेल घातलं तेव्हा फिरलं. आणि वाचनालयाचे पडदे तू शनिवारी धुवायला आणलेस. मंगळवारी मी खिडकीचा पडदा सरकवला तेव्हा ते सगळे जागेवर होते."

मी आत गेले, खाटेखालचं गाठोडं ओढलं. जुन्या चादरीत तीन फळकुटं होती. त्यांवर तपकिरी कणे, सोनेरी अक्षरं, अगदी ओळीने. वरच्या फळकुटावर तिसरं 'सरकारपुढे नागरिकाचं म्हणणं'. मी त्यावरून हात फिरवला. मागे फळकुटाचं लाकूड होतं.

"भावोजी, मी सुटीवरून आले तेव्हा हे झालेलं होतं," धाकटी म्हणाली. "अध्यक्ष म्हणाले, थोडे दिवस. कुणी मागितलं तर राखून ठेवलंय म्हणायचं. कुणी मागायचंच नाही, मग मीही विसरून गेले. खरंच विसरले. मग त्या शिवणवाल्या बाई आल्या. त्यांच्या गल्लीला घरं पाडायची नोटीस आलीय, रस्ता रुंद होणार म्हणून. आमचं म्हणणं ऐकल्याशिवाय पाडता येतं का, एवढंच कुठे लिहिलंय का बघायचंय, म्हणाल्या. मी सांगितलं, राखून ठेवलंय. त्या दुसऱ्या दिवशी आल्या. मग रोज. कधी चिडल्या नाहीत. 'त्यांचं अजून झालं नसेल,' असं म्हणायच्या आणि जायच्या."

ती रडत नव्हती. भाजीच्या काड्या मोडत होती.

"तोंडाने सांगायची हिंमत नव्हती. वाटलं, कपाट रिकामं दिसलं की पोलिस येतील. पोलिस आले की कुणीतरी विचारेल. पण पोलिसांना कुणी बोलावलंच नाही."

"मला सांगायचंस," मी म्हटलं.

"तू काय केलं असतंस, ताई?"

मापकाका उठले. "रविवारी मी सांगतो," ते म्हणाले. "सगळ्यांच्या समोर. लोकांना कळलं की लोक बघतील."

त्यांचा लोकांवर विश्वास होता. खोटी मापं पकडून पकडूनसुद्धा तो उरला होता, याचं मला त्या दिवशी कौतुक वाटलं.

७

रविवारी वाचनालय भरलं होतं. मापकाकांनी तिन्ही फळकुटं टेबलावर उभी केली, समोरून दाखवली, मग वजन उलटं करावं तशी फिरवून मागून दाखवली. धूळ, खळ, छप्पर, सगळं सांगितलं. फळकुटं धाकटीने का काढली तेही सांगितलं. बाइंडर चपलेकडे बघत होता. प्राध्यापक पुढे आले, एका कण्यावर बोट टेकवलं आणि खुर्चीत जाऊन बसले. मला वाटलं, आता ते बोलतील. त्यांनी चष्मा पुसायला घेतला.

मागून कुणीतरी विचारलं, "म्हणजे आता पेपर बंद होणार का?"

त्या प्रश्नाबरोबर खोलीतली हवाच पालटली. पंख्यांचं काय, पोरांच्या अभ्यासिकेचं काय, पाहणीला कोण तोंड देणार. जो तो शेजाऱ्याशी कुजबुजू लागला. अध्यक्षांनी ते होऊ दिलं. मग उठले.

"मापकाकांचे आभार मानू या. चोरी झाली नाही हे त्यांनी सिद्ध केलं, कुणावर ठपका नाही. मी ठराव मांडतो. नवी पुस्तकं येईपर्यंत विभाग होता तसा ठेवावा. बाईंची तब्येत बरी नसते, त्यांनी स्वेच्छेने निवृत्ती घ्यावी, पेन्शन पूर्ण मिळेल. मंजूर?"

चहाचे ट्रे आत आले.

मापकाकांनी हात वर केला. खोलीत तो एकच हात वर होता. बाकीचे कपाकडे गेले होते. "मी विरोधात आहे," ते म्हणाले.

अध्यक्ष खरोखरच अवघडले. "काका, विरोधात कोण असं आपल्याकडे विचारायची पद्धत नाही. उगाच माणसांत वाईटपणा येतो. चहा घ्या."

"मी विचारलं नाही, सांगतोय."

"हो, ऐकलं ना आम्ही," अध्यक्ष म्हणाले, आणि ऐकलं होतंच सगळ्यांनी.

मी उठणार होते. खरंच उठणार होते. धाकटीने पदराआडून माझं मनगट धरलं. "राहू दे, ताई," ती पुटपुटली. "पेन्शन तरी राहील." मी बसले. मापकाकांचा हात बराच वेळ वर होता. मग दुखायला लागला असावा. त्यांनी तो दुसऱ्या हाताने धरून खाली घेतला.

जाताना अध्यक्ष माझ्याजवळ आले, हळू आवाजात म्हणाले, "वहिनी, सभेतलं सभेतच राहू द्या. बाहेर बोभाटा झाला तर मलाच जड जाईल. तिच्या पेन्शनच्या कागदावर सही माझी लागते." यात धमकी होती की काळजी, हे मला आजही सांगता येणार नाही.

८

धाकटीचा चष्मा आणि तिची शाल टेबलाच्या खणात राहिली होती. ती आणायला मंगळवारी मी गेले. टेबलामागे अध्यक्षांची सून बसली होती. मुलगी चांगली आहे, मला खुर्ची दिली, पाणी दिलं. खणात किल्ली नव्हती.

कपाट भरलेलं होतं. काच पुसलेली होती, कणे झगझगीत दिसत होते.

तेवढ्यात शिवणवाल्या बाई आल्या. त्या सभासद नाहीत, सभेला नव्हत्या. कपाट बघून त्यांचा चेहरा फुलला. "आली का परत," त्या म्हणाल्या. "मला धास्तीच बसली होती." काचेपाशी जाऊन त्यांनी वरच्या फळीवर बोट ठेवलं. "हे तिसरं. हे द्या मला. इथेच बसून बघते, घरी नेत नाही."

सुनेने बोटाच्या दिशेने पाहिलं. तिला शिकवून ठेवलेलं असणार. "ते राखून ठेवलंय," ती म्हणाली.

बाई वळल्या. त्यांची नजर माझ्यावर पडली. मी ग्रंथपाल बाईंची बहीण, हे त्यांना ठाऊक होतं. मी मांडीवरच्या शालीची घडी मोडली, पुन्हा घातली. तोंडात शब्द होते, वाक्य तयार होतं. धाकटीची पेन्शन डोळ्यांसमोर आली आणि मी ते गिळलं.

"म्हणजे कुणीतरी वाचणार आहे तर," शिवणवाल्या बाई म्हणाल्या. "बरं झालं. आमच्याच गल्लीतलं असेल. कुणी का वाचेना, गल्लीचं काम होण्याशी मतलब."

मग त्या बाकावर बसल्या, पिशवी मांडीवर घेतली आणि माझ्याकडे बघून म्हणाल्या, "त्यांचं लवकर होईल ना हो, ताई? पंधरवड्याने पाडायला येणार आहेत."

"होईल," मी म्हटलं.